ओटीवरचं कातडं

लँकेशायर हा इंग्लंडच्या वायव्येकडचा परगणा. तिथल्या जुन्या माणसाचं इंग्रजी कानावर पडलं की आपल्या इंग्रजीबद्दलचा न्यूनगंड घटकाभर उतरतो, कारण शेजारी लंडनहून आलेला गृहस्थही आपल्यासारखाच 'काय म्हणालात?' करत बसलेला असतो. या परगण्यात आणि आसपासच्या उत्तरेकडच्या मुलखात एक शब्द होता, 'बार्मस्किन'. लोहार, चांभार, कातडी कमावणारे असले मेहनतीचे धंदे करणारे लोक अंगापुढे गुडघ्याखालपर्यंत कातड्याचा जो पडदा बांधत, त्याचं हे नाव. ते ऐकून कुणाच्या डोळ्यांपुढे महागड्या क्रीमची जाहिरात आली तर त्याला बोल लावता येणार नाही. 'स्किन' या शब्दाची हल्लीची संगतच तशी आहे.

'बार्म' म्हणजे ऊर, कूस, मांडी हा सगळा पुढचा भाग. शब्द हजार वर्षांहून जुना. आजच्या इंग्रजीत त्याचं काम 'लॅप' करते, पण लॅपची पंचाईत अशी की माणूस उभा राहिला की ती नाहीशी होते. मराठीला ही अडचण नाही, आपली ओटी उभ्या माणसालाही असते. तेव्हा बार्मस्किन म्हणजे सरळसरळ ओटीवरचं कातडं. आपल्याकडे ओटीत खण, नारळ, तांदूळ पडतात. त्या लोहाराच्या ओटीत ठिणग्या पडत, एवढाच काय तो फरक.

लँकेशायरमध्ये आणखी एक 'बार्म' आहे, पण त्याचं याच्याशी नातं नाही. तो म्हणजे यीस्टचा फेस. त्यावरून तिथे गोल पावालाही बार्म म्हणतात, आणि डोक्यात फेस झालेल्या माणसाला सगळं इंग्लंड 'बार्मी' म्हणतं. म्हणजे परगावच्या माणसानं बार्मस्किनचा अर्थ 'पावाचा पापुद्रा' असा लावला असता, तर लोहारानं त्याच्याविषयी काय मत करून घेतलं असतं, तेही त्याच शब्दाच्या आसपास सापडलं असतं.

या वस्त्राची कीर्ती फारशी बरी नव्हती. हॅलिवेल नावाच्या कोशकारानं १८४७ साली जुन्या आणि गावंढळ शब्दांचा कोश काढला. त्यात तो सांगतो की बार्मस्किन मुख्यतः कातडी कमावणारे बांधतात आणि लिंकनशायरमध्ये कुणाच्या मळकेपणाची कमाल सांगायची तर त्याला बार्मस्किनसारखा मळका आणि तेलकट म्हणतात. आता कातडी कमावणाऱ्यानं मळकं असू नये ही अपेक्षाच चुकीची. चुनकळी, चरबी, ओकच्या सालीचा काढा यांत तो दिवसभर कोपरापर्यंत बुडालेला. त्यात कातडं मऊ पडावं म्हणून कुत्र्याची विष्ठा लागे. ती लंडनच्या रस्त्यांवरून वेचून आणून बर्मंडसीच्या चामड्याच्या कारखान्यांना विकणारी माणसं होती. हेन्री मेह्यूनं १८५१ च्या सुमारास लंडनमधल्या गोरगरिबांच्या धंद्यांवर जे मोठं काम केलं, त्यात त्यांची नोंद आहे. धंद्यात या मालाला नाव होतं 'प्युअर'. म्हणजे शुद्ध! नाव ठेवणाऱ्याच्या विनोदबुद्धीला माझा नमस्कार, लांबूनच.

बरं, हे वस्त्र धुवायची सोय नाही. कातडं भिजवलं की वाळताना आखडतं, कडक होतं, भेगाळतं. म्हणून त्याला धुण्याऐवजी तेल-चरबी चोळायची. म्हणजे सुती कपड्याला जे लागलं की तो वाया गेला म्हणतात, तेच याला मुद्दाम लावायचं. त्यामुळे नवं बार्मस्किन हे बिनकामाचं. ताठ, कुरकुरणारं, वाकू न देणारं. वर्षा-दोन वर्षांच्या घामानं आणि तेलानं ते नरम पडलं की मग कुठे अंगाशी बोलायला लागतं. लिंकनशायरच्या लोकांनी ज्याला घाण म्हटलं, त्याला लोहार तयार झालेला माल म्हणत असणार. नवं कोरं होण्यात त्या वस्त्राला वर्षच्या वर्ष गेलेलं असे, हे वेगळंच. ओकच्या सालीत कातडं कमावण्याची जुनी रीत काही दिवसांची नव्हे. डेव्हनमध्ये कॉलिटन गावी बेकरांची टॅनरी आजही त्याच रीतीनं चामडं करते आणि एका कातड्यामागे वर्षाहून अधिक काळ जातो. लोहाराला अंगापुढे काही बांधायचं तर आधी बैलानं आयुष्य द्यायचं, मग ओकनं साल द्यायची आणि मग सगळ्यांनी मिळून वाट पाहायची.

कातडंच का, हा प्रश्न भट्टीसमोर उभ्या असलेल्या माणसाला पडत नाही. तापलेल्या लोखंडावर घाव बसला की त्याची पापुद्र्यासारखी खपली उडते, लालभडक. ती सुतावर पडली तर भोक, लोकरीवर पडली तर वास आणि भोक. कातड्यावर पडली तर ती तिथेच काळी होते आणि खाली गळते. नालबंदाचं वस्त्र आणखी वेगळं. घोड्याचा खूर त्याला स्वतःच्या गुडघ्यांत धरायचा असतो, म्हणून ते मधोमध चिरलेलं, दोन मांड्यांवर दोन पाळ्या. घोडा खूर हिसकतो, नालाचा खिळा अर्धवट बाहेर आलेला असतो. तेव्हा मांडी आणि खिळा यांच्यामध्ये एवढी एकच वस्तू असते. तिला तेलकट म्हणणाऱ्यांनी एकदा तो खूर धरून पाहावा.

बार्मस्किनचं एक जुनं भावंड आहे, 'बार्मफेल'. 'फेल' म्हणजेही कातडंच. एका जुन्या हस्तलिखितात पंधराव्या शतकात उतरवलेली, लोहारांवर रागावलेली एक कविता आहे. कवी अज्ञात, तक्रार मात्र आजची. रात्री झोपायच्या वेळी हे काळवंडलेले लोक घण घालतात, भाता फुंकतात, एकमेकांवर ओरडतात, झोपेचं खोबरं होतं. या वैतागात त्यानं त्यांच्या अंगावरच्या बैलाच्या कातड्याच्या बार्मफेलचीही नोंद करून ठेवली आहे. रागावलेला शेजारी किती बारकाईनं बघतो! त्याच्या हाताशी सोसायटीचा व्हॉट्सॲप ग्रुप असता तर दोन ओळींचा संदेश टाकून तो मोकळा झाला असता आणि इंग्रजीतली एक झकास नादमय कविता बुडाली असती.

याच्या थोडं आधी, चौदाव्या शतकाच्या अखेरीस, चॉसरनं ऑक्सफर्डच्या एका म्हाताऱ्या सुताराच्या तरण्याताठ्या बायकोचं वर्णन केलं. तिनंही ओटीवर वस्त्र बांधलंय, पण ते कापडाचं, 'बार्मक्लॉथ', आणि पांढरं स्वच्छ. ते वस्त्र कशापासून कशाचंही रक्षण करत नाही. उलट ज्यानं पाहावं त्याची पंचाईत करतं. म्हणजे बांधायची वस्त्रं तेव्हाही दोन जातींची होती. एक अंगावर काही उडू नये म्हणून बांधायचं आणि दुसरं लोकांनी बघावं म्हणून. मला स्वतःला पहिल्याबद्दल आदर वाटतो. दुसऱ्याबद्दल काय वाटतं ते चॉसरनं लिहून ठेवलंच आहे.

आता लोहारांची गोष्ट सांगतो, ती सांगितल्यावाचून हा विषय सोडणं बरं नाही. ससेक्स, हॅम्पशायर या दक्षिणेकडच्या भागांतले लोहार ती २३ नोव्हेंबरला सांगत. हा सेंट क्लेमेंटचा दिवस, आणि क्लेमेंट हा लोहारांचा पाठीराखा संत. त्या दिवशी ऐरणीच्या भोकात बंदुकीची दारू ठासून बार काढायचे, मग खाणंपिणं आणि मग ही गोष्ट. तपशील सांगणाऱ्यागणिक बदलतात, मी मला आवडलेले घेतो.

आल्फ्रेड राजानं सात धंद्यांतले कसबी लोक बोलावले. प्रत्येकानं आपल्या हातची उत्तम वस्तू आणायची, ज्याची सरस ठरेल तो सगळ्या धंद्यांचा राजा. शिंप्यानं असा झगझगीत अंगरखा आणला की राजा विरघळला. त्यानं तो अंगात घातला, मागेपुढे वळून पाहिला आणि शिंप्याला धंद्यांचा राजा करून टाकलं. लोहार भडकला. इथून पुढे आपण काम करणार नाही असं सांगून त्यानं दुकानाला टाळं ठोकलं आणि तो चालता झाला. थोड्याच दिवसांत राजाच्या घोड्याचा नाल गळाला. मग एकेकाचं हत्यार बोथटलं, कुणाचं मोडलं. शिंप्याची कात्रीही चालेना. शेवटी राजासकट सगळे लोहाराच्या दुकानाचं दार फोडून आत शिरले, की यात काय एवढं अवघड आहे, आपणच करू. मग जे व्हायचं ते झालं. घोड्यानं राजाला लाथ मारली, शिंप्यानं बोटं भाजून घेतली, सगळे एकमेकांना दोष देऊ लागले, धक्काबुक्कीत ऐरण उलटून मोठ्ठा आवाज झाला. आणि तेवढ्यात सेंट क्लेमेंट लोहाराचा हात धरून दारात उभा! राजा शरमला. तो म्हणाला, अंगरख्याच्या रंगाला भुललो, आजपासून लोहार पहिला.

मेजवानी झाली, गाणी झाली. सगळे खूश, एक शिंपी सोडून. तो टेबलाखाली शिरला आणि त्यानं आपल्या कात्रीनं लोहाराच्या कातड्याच्या वस्त्राचा खालचा काठ कराकरा कातरला. तेव्हापासून म्हणे लोहाराच्या त्या वस्त्राला खाली झालर असते. ती कात्री चालली कारण लोहारानं तिला नुकतीच धार लावून दिली होती. हा शेवटचा भाग मला सबंध गोष्टीत थोर वाटतो. उपकाराची परतफेड इतक्या तातडीनं झाल्याचं दुसरं उदाहरण सापडायला वेळ लागेल. आणि लोहार शहाणे. त्यांनी ते कातरलेलं वस्त्र फेकलं नाही, उलट झालरीला मानाची खूण करून टाकलं.

कातड्याच्या वस्त्राचा याहून मोठा मान इराणात झाला. फिरदौसीनं १०१० च्या सुमारास पुऱ्या केलेल्या शाहनाम्यात कावा नावाचा लोहार आहे. खांद्यांवर साप वाढलेला जुलमी राजा झहाक त्या सापांना रोज माणसांचे मेंदू खाऊ घालतो. कावाचे सतरा मुलगे त्यात गेले, अठराव्याची पाळी आली तेव्हा तो दरबारात जाऊन राजाच्या तोंडावर ओरडला आणि बाहेर येऊन आपलं कामाचं कातडं त्यानं भाल्याच्या टोकाला बांधलं. त्यामागे लोक जमले, राज्य उलटलं. मुंबईच्या पारशी मंडळींना ही कथा नवी नाही, शाहनाम्यातली नाटकं त्यांच्या रंगभूमीनं एकोणिसाव्या शतकात मोठ्या हौसेनं उभी केली. पुढे ते कातडं इराणचं राजनिशाण झालं आणि प्रत्येक नव्या राजानं त्यावर आपल्या वाटची जवाहिरं चढवली. सातव्या शतकात कादिसियाच्या लढाईत ते अरबांच्या हाती लागलं, तेव्हा त्यावर दागिनेच दागिने होते. राजांचं असंच असतं. लोहाराचं कातडं त्यांना हवं असतं, पण दिसायला नको असतं.

इंग्लंडात इतकं वैभव त्याच्या वाट्याला आलं नाही. कामकरी माणसानं कामाच्या दिवशी ते अंगावर बाळगावं, एवढी मात्र वरच्या लोकांची अपेक्षा. शेक्सपिअरच्या 'ज्युलियस सीझर'मध्ये पहिल्याच प्रवेशात दोन अधिकारी रस्त्यावरच्या सुताराला हटकतात. सणाचे कपडे घालून काय हिंडतोस, तुझं कातड्याचं वस्त्र कुठाय? प्रवेश रोमचा, सुतार मात्र पक्का स्ट्रॅटफर्डचा. लिहिणारा चामड्याचे हातमोजे करणाऱ्या कारागिराचा मुलगा होता, त्याला कुणाच्या कमरेला काय असतं ते पाठ असणार. आणि याच्या उलट बाजूनं बघायचं तर डिकन्सचा जो गार्जरी. 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स' आपल्यापैकी अनेकांनी परीक्षेपुरतं वाचलेलं असतं, तरी हा भला लोहार लक्षात राहतो. कादंबरीचा नायक पिप बडा माणूस झाल्यावर त्याला भेटायला तो रविवारचे कपडे घालून लंडनला जातो. त्याला हॅट कुठे ठेवावी कळत नाही. ती शेकोटीवरच्या फळीवरून पुन्हा पुन्हा पडते आणि तो क्रिकेटमधल्या यष्टिरक्षकासारखा ती झेलत राहतो. भट्टीबाहेर आणि या कपड्यांत आपण चुकीचे दिसतो, हे अखेर तोच पिपला समजावून सांगतो. पिपला ते कळायला आणखी बरीच पानं लागतात.

पुढे नुसतं 'लेदर एप्रन' या नावानं लंडन थरकापलं. १८८८ च्या सप्टेंबरात व्हाइटचॅपलमध्ये खून पडत होते आणि वर्तमानपत्रांनी खुन्याला हे नाव देऊन टाकलं. जॉन पायझर नावाच्या चांभाराला त्यापायी पकडलं, मग निर्दोष म्हणून सोडलं. एका खुनाच्या जागी अंगणातल्या नळापाशी खरंच कातड्याचं वस्त्र सापडलं होतं. ते त्याच घराशी संबंध असलेल्या एका कष्टकरी माणसाचं निघालं, धुऊन ठेवलेलं. कातडं धुतलं की काय काय होतं पाहा.

आता हा शब्द आपल्यापर्यंत पोचवणाऱ्या माणसाबद्दल. जोसेफ राइट, जन्म १८५५, यॉर्कशायरमधल्या ब्रॅडफर्डजवळचा. घरची गरिबी. सहाव्या वर्षी तो दगडाच्या खाणीवर गाढववाला पोऱ्या म्हणून लागला. काम असं की खाणकामगारांची बोथटलेली हत्यारं गाढवाच्या गाडीत घालायची आणि लोहाराकडे धार लावायला न्यायची. मग सॉल्टेअरच्या मोठ्या गिरणीत बॉबिनं बदलायला लागला. पंधराव्या वर्षापर्यंत त्याला लिहिता-वाचता येत नव्हतं. १८७० साली फ्रान्स आणि प्रशियाची लढाई जुंपली, जेवणाच्या सुट्टीत कुणी तरी पेपर वाचून बातम्या सांगे, आणि आपल्याला दुसऱ्याच्या तोंडाकडे बघत बसावं लागतं याची त्याला चीड आली. त्या चिडीत तो इतका शिकला की थांबायचं कुठे ते त्याला कळलंच नाही. हायडेलबर्गला जाऊन डॉक्टरेट, मग ऑक्सफर्ड. तिथे तौलनिक भाषाशास्त्राच्या आसनावर १९०१ साली तो बसला, ते मॅक्सम्युलरच्या जागी. हा तोच मॅक्सम्युलर, ज्यानं टिळकांच्या पहिल्या राजद्रोहाच्या शिक्षेच्या वेळी सरकारकडे रदबदली केली होती. टिळक सुटले १८९८ साली, आणि राइटच्या 'इंग्लिश डायलेक्ट डिक्शनरी'चा पहिला खंडही १८९८ चाच. दोन गोष्टींचा परस्परसंबंध काही नाही, पण मराठी माणसाला साल जुळलं की सांगितल्यावाचून राहवत नाही.

त्या कोशाचे सहा खंड १९०५ पर्यंत निघाले. दोनशे वर्षांत इंग्लंडच्या गावोगाव बोलले गेलेले शब्द, कुणाचा उच्चार कसा, कोणत्या परगण्यात काय अर्थ. मदतनीस देशभर विखुरलेले. पाद्री, मास्तर, डॉक्टर, असे पत्रांतून शब्द पाठवत. राइटला मात्र यातले कित्येक शब्द पत्रावाचूनच ठाऊक होते. प्राध्यापक झाल्यावरही त्याचं बोलणं यॉर्कशायरचंच राहिलं. त्याच्या हाताखाली शिकलेल्यांत टॉल्किन होता. ऑक्सफर्डच्या इतर प्राध्यापकांनीही बार्मस्किन हा शब्द कोशात वाचला असेल, पण त्या वस्त्रासमोर गाढवाचा कासरा धरून, धार लागेपर्यंत उभा राहिलेला त्यांच्यातला बहुधा हा एकटाच.

शब्द कामाबरोबर गेला, यात तक्रारीला जागा नाही. भट्ट्या बंद झाल्या, घोडे गेले आणि जे काम उरलं त्याला सरसकट 'एप्रन' पुरे झाला. हा एप्रन स्वतः जरा लबाड शब्द आहे. तो मुळात 'नेप्रन' होता. 'अ नेप्रन' म्हणता म्हणता त्याचा न शेजारच्या 'अ'ला जाऊन चिकटला आणि 'अॅन एप्रन' झालं. क्रिकेटच्या अंपायरचंही हेच झालंय, तोही एके काळी 'न'नं सुरू होत असे. मैदानात अंपायरच्या निर्णयावर आपले लोक जे बोलतात, त्या मानानं एक न गेला हे काहीच नाही.

आणि महाराष्ट्रात या एप्रननं आणखी एक उडी मारली आहे. आपल्याकडे डॉक्टर घालतात तो पांढरा लांब कोट म्हणजे एप्रन. वैद्यकीय महाविद्यालयात प्रवेश मिळाला की आधी एप्रन शिवायचा, मग त्यातला फोटो डीपीला लावायचा, आणि मग शरीररचनाशास्त्राचं पुस्तक उघडायचं. मोठ्या दवाखान्याबाहेरच्या टपरीवर चहा पिणारे एप्रन मी पाहिले आहेत, दुचाकीवरून हँडलला लटकून जाणारेही पाहिले आहेत. इंग्लंडात जाऊन यांनी दुकानात एप्रन मागितला तर त्यांच्या हाती स्वैपाकाचा येईल. मी त्यांना हसत नाही. दहावीनंतर दोन वर्षं क्लास लावून मिळालेली वस्तू मिरवली नाही तर ती मिळवायची कशाला? मुंबईत फोर्टमधल्या फ्रीमेसन, म्हणजे नावापुरत्या गवंडी, मंडळींच्या इमारतीतही मेंढीच्या कातड्याचे शुभ्र एप्रन बांधले जातात, आणि ते बांधणाऱ्या बहुतेकांनी आयुष्यात थापी धरलेली नसते. शिंप्याच्या अंगरख्याला भुलणारा आल्फ्रेड काही एकटा नव्हता.

बार्मफेलचं मात्र थोडं बरं झालं. केंटमध्ये त्याचं बोलता बोलता 'बार्व्हल' झालं, आणि मासेमाऱ्यांबरोबर ते अटलांटिक ओलांडून मॅसॅच्युसेट्सला आणि न्यूफाउंडलंडला गेलं. तिथे कॉड मासा चिरायच्या मेजाभोवती एक जण त्याचा गळा चिरी, दुसरा मुंडकं काढी, तिसरा कणा सोडवून मासा उलगडी. त्यांच्या अंगावर उडणाऱ्या पाण्याला, रक्ताला आणि काळजाच्या तेलाला अडवायला ते बांधलेलं असे. १९८२ साली निघालेल्या न्यूफाउंडलंडच्या इंग्रजीच्या कोशात बार्व्हलची नोंद आहे. आधी ते मेंढीच्या किंवा दुसऱ्या कातड्याचं असे, पुढे मेणकापडाचंही होऊ लागलं. नावातलं कातडं कुणी काढलं नाही.